शब्दांच्या उगमाची प्रश्नमंजुषा: मांडवात आणि केबलवर कशी करावी

शब्दांच्या उगमावर कार्यक्रम म्हटला की मंडळाची पोरं मराठीच्या मास्तरांकडे बघतात. मास्तर हवेत, पण नंतर. आधी हवा प्रश्न काढणारा, आणि त्याला संशयाची सवय पाहिजे. माझं आयुष्य छापखान्यात प्रुफं तपासण्यात गेलं, त्यामुळे ती सवय मला आहेच. बेळगावातल्या शहापुरात आमच्या मंडळाची गणपतीतली शब्दांची प्रश्नमंजुषा मी बघते. ती मांडवात होते आणि लोकल केबलवर दाखवतात. खानापूर, निपाणी, हुक्केरीकडून विचारणा होते, "अक्का, आमच्यातबी करायचं म्हणतोय, कसं करायचं वो?" फोनवर सांगते तेच इथे नीट लिहून काढते.

सुरुवातीला दोन कार्यक्रम डोळ्यांसमोर ठेवा. पहिला घरातलाच. दूरदर्शनच्या चंदना या कानडी वाहिनीवर २००२ पासून 'थट्ट अंत हेळी' चालू आहे, डॉ. ना. सोमेश्वर घेतात. नावाचा अर्थ झटकन सांग. झगमगाट नाही, ढोलताशा नाही, बक्षीस म्हणून पुस्तकं. सूत्रधार उत्तरापाशी थांबत नाही, त्यामागची माहिती दोन वाक्यांत सांगून पुढे जातो. कानडी जेमतेम कळणारा मराठी माणूसही तिथे खिळून बसतो. ही दोन वाक्यं बोलायची कला ज्याला आहे तोच आपल्या मांडवात माईकवर उभा करा, मग तो रिक्षा चालवत असला तरी चालेल.

दुसरा विलायतेतला. २००६ मध्ये बीबीसी टूवर 'बाल्डरडॅश अँड पिफल' नावाचा कार्यक्रम लागला, सूत्रधार व्हिक्टोरिया कोरेन. ऑक्सफर्डच्या इंग्रजी कोशाचे संपादक प्रेक्षकांना सांगत, या शब्दाचा आमच्याकडचा सर्वांत जुना लेखी पुरावा अमुक सालचा आहे, याहून जुना कुणाकडे असेल तर आणा. लोकांनी माळे उपसले, जुनी मासिकं काढली, पत्रं काढली. पुरावा चालतो की नाही हे संपादक कॅमेऱ्यासमोर बसून ठरवत. तिथे नुसती आठवण चालत नसे. 'आमच्या आजोबांच्या काळापासून म्हणतात' याला शून्य गुण. आपल्या कार्यक्रमाचा कणा हाच ठेवायचा.

आता शब्द. ते जमवायला कोश उघडून बसू नका, 'अ'पासून वाचत गेलात तर अंगठ्यापर्यंत पोचेस्तोवर गणपती विसर्जन होतील. भाजी मार्केटला जा, बांधकामावर जा, स्वयंपाकघरात उभे राहा, कॅम्पात चक्कर मारा, आणि कानावर पडेल ते वहीत उतरवा. लिलाव, घमेलं, बिजागरी, चावी, बंब, पाव, कोबी, कागद, दुकान, कंदील, तूप, अडकित्ता, पलटण. लोक जे रोज बोलतात पण ज्याकडे कधी थांबून बघत नाहीत, तेच शब्द हवेत. अवघड, पुस्तकी शब्दाचा उगम सांगितला तर लोक मान डोलावतात. 'लिलाव' पोर्तुगीज 'लेइलांव'वरून आला असं सांगितलं की मार्केटातला दलाल खुर्चीतून उठतो.

मग त्यांची वाटणी. आम्ही फेऱ्यांना रस्त्यांची नावं दिली आहेत, ती तुम्ही खुशाल घ्या. बेळगावहून रस्ते चारी दिशांना फुटतात, आणि शब्दही चारी दिशांनी आलेत.

गोव्याचा रस्ता म्हणजे पोर्तुगीज. ही फेरी सगळ्यांत सोपी, म्हणून पहिली. पाव, पगार, चावी, लिलाव, घमेलं, बिजागरी, नाताळ, अननस, काजू, आंघोळीच्या पाण्याचा बंब. हापूससुद्धा अफोन्सो द आल्बुकर्कच्या नावावरून. अननस आणि काजू तर पोर्तुगीजांचेही मूळचे नव्हेत, ब्राझीलमधल्या तुपी लोकांच्या भाषेतून त्यांनी उचलले, फळाबरोबर नाव. एक इशारा मात्र सूत्रधाराला देऊन ठेवा. रस्ता ही खेळाची सोय आहे. पोर्तुगीज वसईला होते, चौललाही होते. त्यामुळे अमुक शब्द चोर्ल्याचाच घाट चढून आला असं छातीठोकपणे कुणी बोलू नये.

निपाणीकरांनी या फेरीत तंबाखू घातलाच पाहिजे. शब्द पोर्तुगीजांकडून आला एवढंच सांगू नका, पुढची गोष्ट जास्त रंगतदार आहे. अकबराच्या अखेरच्या वर्षांत त्याचा वकील असद बेग विजापूरच्या आदिलशाही दरबारातून परतला, तेव्हा तंबाखू आणि हुक्का बरोबर घेऊन गेला. म्हणजे दिल्ली-आग्र्याच्या दरबाराला तंबाखूची ओळख झाली ती आपल्या बाजूने. निपाणीच्या मांडवात हे सांगितलंत तर पुढचा प्रश्न ऐकू येणार नाही, तेवढा वेळ धरून ठेवा.

विजापूरचा रस्ता म्हणजे फारसी आणि तिच्या पाठीवर बसून आलेली अरबी. कागद, दुकान, बाजार, शहर, जमीन, खुर्ची, तारीख, वकील. इथे नुसतं 'कोणत्या भाषेतला' विचारलंत तर फेरी मरते, कारण प्रत्येक उत्तर तेच. इथे जोड्या लावायच्या. कॅम्पात मराठा लाईट इन्फन्ट्रीच्या मैदानावर चालते ती कवायत आणि कोर्टात चालतो तो कायदा, हे सख्खे भाऊबहीण. अरबीत 'काइदा' म्हणजे नियम आणि 'कवाइद' हे त्याचं अनेकवचन. मालक आणि मुलूख यांचंही तसंच. आडनावांची जोडी तर हुकमी. फडणीस, चिटणीस, पारसनीस, तिघांच्या शेपटीला एकच फारसी 'नवीस', म्हणजे लिहिणारा. फर्द म्हणजे यादी लिहिणारा, चिठ्ठी लिहिणारा, फारसी लिहिणारा. प्रेक्षकांत एखादे चिटणीस असतातच, कॅमेऱ्याला ते आधी कुठे बसलेत ते दाखवून ठेवा.

'कंदील' शेवटी ठेवा. अरबी 'किंदील'वरून आला, पण अरबांनी तो मेणबत्तीच्या लॅटिन 'कांदेला'वरून घेतला होता. इंग्रजी कँडल त्याच घराण्यातली. रोमहून निघालेला शब्द आपल्या ओसरीवर टांगलेला आहे हे कळलं की लोक वर बघतात.

धारवाडचा रस्ता. इथे सांभाळून. अण्णा, अक्का, अप्पा ही नाती आपण कानडीतून घेतली, हे इथल्या कुणाला सांगावं लागत नाही. अडकित्त्यातला 'अडके' म्हणजे सुपारी, हेही बाजारात फिरणाऱ्याला ठाऊक. खरा गोंधळ होतो तुपावर. कानडीत तुप्प, मराठीत तूप. पण 'तुप्प' जुन्या प्राकृतातही सापडतो, म्हणजे हे देणंघेणं मराठीचा जन्म व्हायच्या आधीचं. प्रश्न विचारला की मागून हमखास आरोळी येते, "तूप आमचंच वो!" त्याला मी सांगते, तूप तुमचंच, मी शब्दाचं विचारतेय.

ही फेरी एकाच दिशेने चालवू नका, नाहीतर कुणाचा तरी चेहरा पडतो. उलट्या वाटेने गेलेले शब्दही घ्या. दक्षिण कर्नाटकात भुईमुगाला कडलेकाई म्हणतात, आपल्याकडच्या कानडीत शेंगा. बंगळूरकडे टी किंवा कापी, आपल्याकडे कानडी माणूसही चहाच मागतो. झुणका दोन्हीकडे झुणकाच. प्रश्नाच्या पट्टीवर 'आपला', 'त्यांचा', 'मूळ', 'उसना' असले शब्द लिहूच नका. 'कुठून आला' एवढंच लिहा. आणि परीक्षक दोन बसवा, एक मराठी पक्कं येणारा, एक कानडी पक्कं येणारा. दोघांचं एकमत झालं तरच गुण. आमच्याकडे दोघे शेजारीच बसतात आणि सबंध कार्यक्रमभर एकमेकांच्या कानात कुजबुजत असतात, ते बघायलाही लोक येतात.

याच फेरीत एक सापळा आहे, तो जरूर लावा. मराठीत 'हल्ली' आणि कानडीत 'हळ्ळी', म्हणजे खेडेगाव. नातं आहे की नाही? पोरं हात वर करकरून 'आहे' म्हणतात आणि कारणंही देतात, पूर्वी सगळे खेड्यात राहायचे वगैरे. नातं काडीचं नाही. आपला हल्ली अरबी 'हाल'मधून आला, चालू स्थिती या अर्थाने. हालहवाल मधला तोच. आवाज सारखा म्हणजे उगम एक नव्हे, हे भाषण देऊन पटत नाही, असा एक प्रश्न हुकला की पटतं.

कॅम्पाचा रस्ता म्हणजे इंग्रजी. घासलेट हे गॅसलाईट, रॉकेल हे रॉक ऑइल, रंगरूट म्हणजे रिक्रूट, पाटलोण म्हणजे पँटलून. ही फेरी हसण्याची, पाच मिनिटांत आटपा. पलटण कुठे टाकायचा यावर भांडण होईल, कारण कुणी बटालियन सांगतं, कुणी प्लॅटून. तो वेगळा काढून ठेवा, त्याचं काय करायचं ते पुढे सांगते.

यादी झाली की प्रत्येक शब्द दोन ठिकाणी तपासा. मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश, १८५७ची दुसरी आवृत्ती, शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर फुकट बघता येतो. शब्दापुढे कंसात मूळ भाषेची खूण असते. कृ. पां. कुलकर्ण्यांचा मराठी व्युत्पत्तिकोश १९४६चा, तो वाचनालयात मिळतो. फारसीसाठी माधवराव पटवर्धनांचा १९२५चा फार्शी-मराठी कोश. कानडीसाठी किटेल, १८९४ साली मंगळुरात छापलेला, आणि तो बघताना शेजारी कानडी जाणणारा माणूस बसवा. दोन कोश एक बोलले तर प्रश्न घ्या. वेगळं बोलले तर तो शब्द 'वादाच्या फेरी'त. मेज फारसी 'मेझ'वरून की पोर्तुगीज 'मेझा'वरून? साबण अरबीतून की पोर्तुगीजांकडून? पलटण? या फेरीत बरोबर उत्तर नसतं. दोन्ही बाजू संघांनी मांडायच्या आणि परीक्षकांनी मांडणीला गुण द्यायचे. कोशात सापडलाच नाही तर शब्द सोडून द्या, कितीही जीव जडला असला तरी.

व्हॉट्सॲपवरून आलेल्या व्युत्पत्तीला दारातच थांबवा. ती ओळखायला सोपी असते, कारण ती फार गोड असते. आद्याक्षरं जुळवून शब्द झाला असं कुणी सांगितलं तर शंभरातली नव्याण्णव वेळा थाप. 'न्यूज' म्हणजे नॉर्थ, ईस्ट, वेस्ट, साऊथ, हे शिक्षक लोकसुद्धा वर्गात सांगतात. तो साध्या 'न्यू'चं अनेकवचन आहे, बस. दुसरा प्रकार म्हणजे राजा किंवा साहेब काहीतरी बोलला आणि गावाला नाव पडलं. पोर्तुगीजांनी 'बों बाइया', छान उपसागर, म्हटलं आणि बॉम्बे झालं, ही त्यातली सगळ्यांत फिरलेली. पोर्तुगीजमध्ये 'बाइया' स्त्रीलिंगी, तिच्याआधी 'बोआ' यायला हवं, 'बों' नाही. व्याकरणच अडतं. असा पुरावा मिळाला तर ती थापही प्रश्न म्हणून वापरता येते: 'ही गोष्ट खोटी आहे, कशावरून?' मोठ्या मुलांना हा प्रश्न फार आवडतो.

गावांची नावं मी शक्यतो घेत नाही. बेळगावच्या जुन्या शिलालेखांत वेणुग्राम आहे, वेणू म्हणजे बांबू, आणि इतकं सांगून थांबता आलं तर ठीक. पण १ नोव्हेंबर २०१४ला सरकारी नाव बेळगावी झालं तिथपर्यंत चर्चा गेली की शब्द बाजूला राहतो आणि मांडवाचं मैदान होतं. त्यासाठी वर्षभर इतर जागा आहेत.

आता प्रश्न बांधायचा. 'पगार हा शब्द कोणत्या भाषेतून आला?' आणि खाली चार पर्याय, असा प्रश्न म्हणजे मटका. माहीत असेल तर येतं, नाहीतर आकडा लावायचा. त्याच शब्दाचा असा करा: 'पोर्तुगीजमध्ये पगार हे क्रियापद आहे. एक तारखेला मालक जे करतो, किंवा करायला पाहिजे, तेच. अर्थ सांगा.' आता घरात बसलेली बाईसुद्धा उत्तर काढू शकते. प्रश्नात रस्ता अर्धा दाखवायचा, अर्धा चालायला ठेवायचा.

चहाचा प्रश्न आम्ही तीन पायऱ्यांत करतो. पहिली पायरी: चीनमध्ये एकाच पानाला बहुतेक ठिकाणी 'चा' आणि फुजियानच्या किनाऱ्यावर 'ते' म्हणतात. दुसरी: डच व्यापाऱ्यांनी माल फुजियानच्या बोलीच्या लोकांकडून घेतला, पोर्तुगीजांनी मकावहून. तिसरी: मग इंग्रज टी का म्हणतात आणि गोवेकर च्याव का? पहिल्या पायरीवर ओळखलं तर पंधरा गुण, दुसरीवर दहा, तिसरीवर पाच. पायऱ्यांचे प्रश्न टीव्हीला फार चांगले, कारण प्रत्येक पायरीला घरातलं कुणीतरी ओरडतं.

एक फेरी थापांची ठेवा. बीबीसीवर १९६५ पासून 'कॉल माय ब्लफ' नावाचा खेळ चालायचा. एका अनोळखी शब्दाचे तीन अर्थ तिघे सांगणार, एक खरा, दोन बनवलेले, आणि समोरच्या संघाने खरा ओळखायचा. आपण अर्थाऐवजी उगम सांगायचे. वक्ते म्हणून नामवंत नकोत. गल्लीतला शिंपी, किराणावाला आणि कॉलेजात जाणारी एक मुलगी घ्या. किराणावाले जन्मजात तरबेज असतात, चेहऱ्यावरची रेघ हलत नाही. पण केबलवर दाखवणार असाल तर खोट्या उगमावर 'थाप' अशी लाल पट्टी शेवटपर्यंत ठेवा आणि खरं उत्तर लगेच सांगा. कुणीतरी तेवढा तुकडा कापून पुढे पाठवतो आणि पुढच्या वर्षी तीच थाप आपल्याकडे ज्ञान म्हणून परत येते.

बीबीसीच्या पुराव्याच्या कल्पनेतून आमचा सगळ्यांत गाजलेला भाग निघाला, 'कागद आणा'. पहिल्या संध्याकाळी एक शब्द जाहीर करायचा. घासलेट, फटफटी, डालडा असला. ज्याच्या घरात तो शब्द लिहिलेला सर्वांत जुना कागद सापडेल त्याला बक्षीस. किराण्याच्या वह्या, लग्नातल्या आहेराच्या याद्या, जुन्या पावत्या, पत्रं, सगळं निघतं. नियम कडक ठेवा. मूळ कागद आणायचा, तारीख त्याच कागदावर हवी, आणि मोडी असेल तर वाचणारा माणूस मंडळाने द्यायचा. कागद हातात घेऊन ठेवून घेऊ नका, समोरच फोटो काढून परत करा, लोकांना वाटण्या आणि सातबारे आठवतात आणि ते घाबरतात. तारखांचा एक ताळा आपल्यालाही ठाऊक असावा. डालडा बाजारात आला १९३७मध्ये, म्हणजे १९२०च्या यादीत डालडा दिसला तर यादी नंतर भरलेली आहे, एवढं समजून गोड हसायचं आणि पुढचा कागद घ्यायचा.

मांडवाचं थोडक्यात. चार संघ, प्रत्येकी तीन माणसं, एकाच घरातली नकोत. पाऊण तासाच्या वर जाऊ नका, आरती अडते. बझर बिघडतात, टेबलावरच्या घंट्या घ्या. प्रश्न पडद्यावर दाखवणार असाल तर अक्षर मोठं आणि फाँट आधी त्याच लॅपटॉपवर लावून बघा. जोडाक्षरं फुटून 'प्रश्न'चा 'प् रश् न' झालेला मला बघवत नाही, आणि शुद्धलेखनाची परीक्षा घेणारे आपणच असल्यामुळे लोकांनाही सोडवत नाही. पोर्तुगीज सगळीकडे एकाच वेलांटीने लिहा. गुणफलक फळ्यावर खडूने चालतो. वीज गेली तरी तो दिसतो.

चित्रीकरणाच्या पोरांना एकच सांगा, उत्तर देणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्यांवर कॅमेरा ठेवा. बंब पोर्तुगीज निघाला तेव्हा पहिल्या रांगेतल्या आजींचा चेहरा कसा झाला, ते घरच्यांना बघायचं असतं.

बक्षीस पुस्तकंच द्या. कूपन, मिक्सर वगैरे प्रायोजक देतील ते चिठ्ठ्या टाकून प्रेक्षकांत वाटा, संघांना नको, भांडणं होतात. आणि प्रत्येक प्रश्नापुढे कोशाचं नाव व पान वहीत लिहून ठेवा, कारण दुसऱ्या दिवशी सकाळी कुणीतरी दारात उभा असतोच. माझी वही मागितली तर मी देते. फक्त तूप आणि हल्ली हे दोन प्रश्न निपाणीपर्यंत सगळ्यांना पाठ झालेत, ते बदलून घ्या.